गाळणीबाईचे पिवळे कागद

माझ्या मेहुणीला हॉस्पिटलात सगळे गाळणीबाई म्हणायचे. अर्थात पाठीमागे. तोंडावर म्हणायची छाती फक्त माझी होती, आणि ती मेहुणी म्हणून मला खपून जायचं.

मी त्याच हॉस्पिटलात लिफ्ट चालवायचो. एकतीस वर्षं. गावच्या शाळेतले आमचे मास्तर म्हणायचे, हे पोरगं वर जाणार. गेलो की! दिवसातून दीडशे वेळा वर गेलो आणि तितक्याच वेळा खाली आलो. पण लिफ्टवाल्याइतकं कुणालाच कळत नाही. दार बंद झालं की लोक त्याला माणसात धरत नाहीत. सुना सासवांबद्दल बोलतात, डॉक्टर एकमेकांच्या चुकांबद्दल बोलतात, आणि आपण बटणाकडे बघत उभं राहायचं. म्हणून ही हकिगत मी सांगायची, दुसऱ्या कुणाला ती अख्खी ठाऊकच नाही.

मेहुणीचं काम तिसऱ्या मजल्यावर, जिन्याशेजारच्या खोलीत. डॉक्टर पेशंट तपासतो आणि कागदावर चार ओळी खरडतो. ते कागद तिच्या टेबलावर यायचे. त्या ओळी वाचून ती प्रत्येक दुखण्याला एक कोड लावायची, एक अक्षर आणि त्याच्या मागे आकडे. विमा कंपनी पेशंटचं तोंड बघत नाही, तो कोड बघते. कोड बसला की औषध मंजूर, नाही बसला की पेशंट खिडकीपाशी उभा, रडत नाहीतर शिव्या देत. तेवीस वर्षं तिनं हे केलं आणि तिच्या हातून एक कोड चुकला नाही. तिचे डोळे असे की कागदावर माशी बसून उडाली तरी विचारेल, ही कोण बसून गेली?

तिचा कायदा एकच. डॉक्टरनं लिहिलं तेवढंच खरं. रक्ताचा रिपोर्ट ओरडून सांगू दे, पेशंट समोर पाय ओढत जाऊ दे, डॉक्टरनं लिहिलं नसेल तर तो आजार त्या माणसाला नाही. आणि डॉक्टरनं ‘बहुधा’ किंवा ‘शंका’ असं लिहिलं असेल, तर आजाराचा कोड लावायचा नाही, नुसत्या तक्रारीचा लावायचा. दमा बहुधा असेल तर खोकल्याचा कोड. हा नियम काही तिनं घरी बसून काढला नव्हता, छापील पुस्तकातच आहे तो. पण पुस्तक कपाटात असतं आणि ही खुर्चीत होती.

तिनं स्वतः काढलं ते पिवळ्या कागदाचं. डॉक्टरनं मोघम लिहिलं की ती त्याला खुलासा मागायची. आधी पांढऱ्या कागदावर मागायची, पण डॉक्टर म्हणायचे, दिसलाच नाही. मग तिनं पिवळेधमक कागद छापून घेतले. सात दिवसांत उत्तर आलं नाही, तर तक्रारीचा कोड लावायचा आणि फाईल बंद. बंद म्हणजे बंद, मग देव आला तरी उघडायची नाही. डॉक्टर लोक पिवळा रंग बघून पळायला लागले. एकानं तर पिवळा शर्ट घालून आलेल्या पेशंटला बाहेरच बसवलं, असं वॉर्डातल्या मावशी सांगायच्या. त्या मावशींचं अर्धं खरं धरायचं, तरी बघा.

सगळ्यात जास्त पिवळे कागद जायचे सांध्यांच्या डॉक्टरांना. हुशार माणूस, हात नुसता दाबून आजार सांगायचा. पण कधी काळी एका पेशंटनं त्यांना कोर्टात ओढलं होतं, “तुम्ही ठामपणे लिहिलंत कसं?” म्हणून. तेव्हापासून त्यांनी जगातलं काहीही ठामपणे लिहायचं सोडलं. सगळ्याच्या आधी ‘बहुधा’. आमची ही म्हणायची, “त्यांना पोरं किती विचारलं तरी बहुधा दोन म्हणतील.”

आणि ज्या वर्षी मेहुणीला अठ्ठेचाळिसावं लागलं, त्या वर्षी तिची बोटं सुजली.

ती आमच्याच घरी वरच्या खोलीत राहायची, एकटी. लग्न केलं नव्हतं. आलेल्या स्थळांना तिनं इतके प्रश्न विचारले की स्थळंच थकली. एके दिवशी सकाळी ती वेणी न घालता खाली आली आणि म्हणाली, “ताई, जरा घालून दे.” दुसऱ्या दिवशीही तेच. मी म्हटलं, “मेहुणीबाई, वेणीचा खुलासा सात दिवसांत यायला पाहिजे, नाहीतर फाईल बंद!” ती हसली नाही. हात मांडीवर उलटे ठेवून बसली होती. दोन्ही हातांच्या बोटांची मुळं सुजून गाठीगाठी झालेली, कातडी ताणून चकाकत होती. सकाळी दीड-दोन तास मूठ वळायची नाही. दहाच्या पुढे थोडी वळायची, ती कामावर जाण्यापुरती.

सांध्यांच्या डॉक्टरांनी हात बघितला, रक्त काढलं, हाडांचे फोटो काढले. रक्तात तो आमवाताचा घटक भरपूर निघाला. त्यांनी समोर बसवून सांगितलं, मोघम नाही, अगदी स्पष्ट. तोंडानं ते स्पष्टच बोलायचे, लिहितानाच कच खायचे. म्हणाले, “आठवड्याची गोळी सुरू करू. पण तुमचा आजार जोरात आहे, नुसती गोळी पुरणार नाही. नवं इंजेक्शन लागेल. या वर्षात सुरू झालं तर हात वाचेल. नाही झालं तर बोटं करंगळीकडे झुकतील आणि तशीच राहतील.”

ते इंजेक्शन आमच्या कुणाच्या ऐपतीतलं नव्हतं. विम्यातून मंजूर झालं तरच. म्हणजे कोड बसला तरच. म्हणजे कागदावर काय लिहिलंय त्यावर.

डॉक्टरांनी लिहिलं, ‘दोन्ही हातांचा आमवात, बहुधा.’

मेहुणीनं तो शब्द तिथेच, त्यांच्या टेबलावर उलटा वाचला. तेवीस वर्षं उलटसुलट कागद वाचलेली बाई ती. आमची ही सोबत होती. तिनं मला घरी येऊन सांगितलं, “हिच्या डोळ्यांदेखत लिहिलं हो त्यांनी. मी म्हणायला गेले, अहो डॉक्टर, एवढा एक शब्द... तर हिनं टेबलाखाली माझ्या पायावर पाय दिला. टाचेनं!”

आता तुम्ही म्हणाल, बाईनं सांगायचं ना सरळ. तर तिथे एक मेख होती, आणि ती तिनंच ठोकलेली. पूर्वी पैशाच्या खिडकीवर एक कारकून होता. त्याच्या बायकोच्या कागदावर डॉक्टरनं ‘शंका’ लिहिलं होतं. त्यानं जाऊन गयावया करून तो शब्द खोडून घेतला. मेहुणीनं खाडाखोड पकडली आणि वर कळवलं. कर्मचाऱ्यानं आपल्या किंवा घरच्यांच्या कागदाबद्दल डॉक्टरशी बोलायचं नाही, असा नियम तिनंच लिहून पाठवला आणि तो मंजूर झाला. कारकुनाची नोकरी गेली, बायकोची मंजुरीही रद्द झाली. त्यानं हॉस्पिटलच्या फाटकासमोर झेरॉक्सचं दुकान टाकलं. आणि आमची मेहुणी झेरॉक्स काढायला त्याच्याकडेच जायची! जवळ पडतं म्हणून. वर प्रत उजेडात धरून बघायची आणि म्हणायची, “कडेला काळं आलंय, पुन्हा काढा.”

मी म्हटलं, “तू नको सांगूस. मी सांगतो. रोज भेटतात ते मला लिफ्टमध्ये.”

“भावोजी,” ती म्हणाली, “तुम्ही तोंड उघडलंत तर तुमचंही नाव वर कळवीन.”

“अगं, पेन्शनला दीड वर्ष राहिलंय माझं!”

“म्हणूनच आधी सांगतेय.”

ही गंमत नव्हती. तिनं खरंच कळवलं असतं. आमची ही तीन दिवस तिच्याशी बोलली नाही, वेणी मात्र घालत होती.

स्वतःची फाईल स्वतः बघायची नाही, हाही नियमच. म्हणून ती फाईल गेली नवीकडे. नवी म्हणजे तिच्या हाताखालची बाई. चार वर्षं झाली होती येऊन, एक मूल झालं होतं तरी सगळे तिला नवीच म्हणायचे. तिला गाळणीबाईनं घडवलं होतं, म्हणजे रडवून रडवून तयार केलं होतं. सुरुवातीला एकदा तिनं दया येऊन एका म्हातारीला आजाराचा कोड लावला, तर हिनं सगळ्यांसमोर विचारलं, “तुला डॉक्टर व्हायचंय का? मग खाली जाऊन डॉक्टरांच्या पाट्या बघ, इथे काय करतेस?” नवी तेव्हा लिफ्टमध्ये तळमजल्यापर्यंत रडली आणि परत तिसऱ्या मजल्यापर्यंत रडली. मी दोन्ही वेळा बटणाकडे बघत होतो.

तर नवीनं नियमाप्रमाणे पिवळा कागद भरला. ‘आपण लिहिलेल्या निदानाबाबत खुलासा करावा.’ दोघी एकाच खोलीत, टेबलाला टेबल लागून. दोघींनी त्या फाईलबद्दल एक शब्द काढला नाही.

आता पुढचं मी घरात आजतागायत सांगितलेलं नाही. चौथा की पाचवा दिवस असेल. सांध्यांचे डॉक्टर लिफ्टमध्ये शिरले, हातात चार-पाच पिवळे कागद. माझ्याकडे बघून म्हणाले, “मामा, ह्या बाईला घरी काही काम नाही का हो?” मी म्हटलं, “घरी पण हेच करते, साहेब. भाजीत मीठ कमी पडलं तर लेखी विचारते.” ते खळाळून हसले. त्यांना हसवलं म्हणून मला काय बरं वाटलं! त्यांनी ते कागद न वाचता चुरगाळले आणि लिफ्टच्या कोपऱ्यातल्या डब्यात टाकले. मी म्हटलं, “टाका साहेब, बिनधास्त टाका. डबा मीच रिकामा करतो.”

केलाही. पिवळे गोळे होते. उघडून कोण बघतं?

सातव्या दिवशी नवीनं फाईल बंद केली. तक्रारीचा कोड, ‘हाताच्या सांध्यातील वेदना.’ विमा कंपनीचं पत्र आलं, सांधेदुखीला हे इंजेक्शन देय नाही.

मग वर्षभर चाललं ते असं. दर तीन महिन्यांनी मेहुणी डॉक्टरांपुढे बसायची. ते म्हणायचे, “अजून मंजूर नाही? चोर आहेत हे विमावाले!” आणि खाली मान घालून लिहायचे, बहुधा. ती ते उलटं वाचायची आणि गप्प उठायची. पिवळा कागद जायचा, डब्यात पडायचा, सातवा दिवस यायचा. एवढ्या वेळात हात तिच्या देखत चालला होता. आठवड्याची गोळी घेतली की दुसरा अख्खा दिवस मळमळ, घास जायचा नाही. सोसेल एवढ्या गरम मेणात हात बुडवून बसायचं. रात्री हाताला पट्टीचा साचा बांधायचा. व्यायाम शिकवणारी बाई सांगून गेली, बरणीचं झाकण फिरवायचं नाही, पातेलं बोटांत न धरता दोन्ही तळव्यांवर उचलायचं, पिळायचं काही नाही. सगळं तिनं तंतोतंत केलं, नियम पाळण्यात तिचा हात कोण धरणार? आणि तरी बोटं एकेक करून करंगळीकडे सरकायला लागली, वाऱ्यानं गवत आडवं व्हावं तशी.

काम मंदावलं. दिवसाला ऐंशी फाईली झाल्याच पाहिजेत, हा आकडाही तिनंच वर पाठवलेला. आता तिच्या चाळीस व्हायला लागल्या, मग पंचवीस. एका बोटानं टकटक करायची. नवी तिच्या टेबलावरचे गठ्ठे न बोलता आपल्याकडे ओढून घ्यायची, तर ही म्हणायची, “माझ्या फाईलीला हात लावू नकोस. चुकलीस तर नाव माझं लागेल.”

एकदा ती झेरॉक्सच्या दुकानात गेली, मंजुरीच्या नव्या अर्जासाठी प्रती काढायला. मी बरोबर होतो, कारण पिशवी तिला धरवत नव्हती. दुकानदारानं कागद हातात घेतला, वाचला, आणि त्याचं तोंड असं उजळलं की काय सांगू.

“बाई, ह्या इथे एक शब्द आहे बघा.”

“माहीत आहे.”

“तेवढा काढला की काम होतंय.”

“ते पण माहीत आहे.”

“मग सांगा की डॉक्टरला. समोरच तर बसतात.” त्यानं दोन्ही कोपर काउंटरवर टेकले. “माझ्या बायकोचा हातसुद्धा सुजायचा हो शेवटी. सलाईनच्या सुयांनी.”

मेहुणी म्हणाली, “दोन प्रती काढा.”

त्यानं काढल्या आणि स्वतःच उजेडात धरून दाखवल्या. “कडेला काळं नाही ना?”

बाहेर आल्यावर मी म्हटलं, “फार लागेल असं बोलला.” ती म्हणाली, “प्रती स्वच्छ काढल्यात.”

अकराव्या महिन्यात पुन्हा फोटो काढले. हाडांच्या कडा उंदरानं कुरतडल्यासारख्या. डॉक्टरांनी फोटो दिव्यापुढे धरला. आता कोर्टात कुणी विचारलं असतं, ठामपणे लिहिलंत कसं, तर त्यांनी नुसता तो हात वर करून दाखवला असता. त्यांनी लिहिलं, ‘दोन्ही हातांचा आमवात, रक्तात घटक आहे, बोटे वाकलेली.’ बस. बहुधा नाही.

नवीनं त्याच दिवशी कोड लावला. बाराव्या दिवशी इंजेक्शन मंजूर होऊन आलं. सूज उतरली, सकाळचं आखडणं गेलं, दुखणं निम्म्यावर आलं. चांगलंच औषध आहे ते, कुणी नावं ठेवू नयेत. पण वाकलेली बोटं वाकलेलीच राहिली. तोवर ऑफिसनं मेहुणीला ऐंशीच्या आकड्यावर बोट ठेवून घरी बसवलं होतं, आणि तिची खुर्ची नवीला द्यायचं घाटत होतं.

नवी भेटायला आली. दाराशीच रडायला लागली. “बाई, मला झोप लागत नाही. मी काय करू शकले असते, सांगा.”

“काही नाही,” मेहुणी म्हणाली. “तू बरोबर केलंस. बस.”

आमच्या हिनं डोळे पुसले. मलाही भरून आलं. मग मेहुणीनं विचारलं, “पहिल्या वेळी, सातव्या दिवशी, फाईल किती वाजता बंद केलीस?”

“पाचला.”

“ऑफिस साडेपाचला सुटतं.”

“हो, पण मुलाला पाळणाघरातून...”

“सातवा दिवस साडेपाचला संपतो. अर्धा तास आधी बंद केलीस.”

“बाई, त्या अर्ध्या तासात डॉक्टर काही लिहिणार होते का?”

“लिहिलं असतं तर?”

नवी पर्समध्ये रुमाल शोधायला लागली. उत्तर माझ्याकडे होतं. ते गोळे दोन दिवस आधीच डब्यात गेले होते, आणि डबा रिकामा करणारा समोरच बसला होता, चहा फुंकत. मी म्हटलं, “चहा निवतोय, घ्या.”

नवी गेल्यावर मेहुणी म्हणाली, “भावोजी, कागद काढा.”

तिला लिहवत नव्हतं. माझं अक्षर गावच्या शाळेतलं, बोरूनं गिरवलेलं, अजून सुबक आहे. ती सांगत गेली, मी लिहीत गेलो. अमुक तारखेस अमुक फाईल मुदतीपूर्वी तीस मिनिटे बंद करण्यात आली, ही बाब गंभीर असून... मी मधेच म्हटलं, “अगं, तिला खुर्ची मिळतेय.” ती म्हणाली, “मिळतेय म्हणूनच. ‘गंभीर’ची वेलांटी दुसरी आहे ना? बघू.” खाली तिनं सही केली. पेन दोन तळव्यांत धरून, पातेलं धरायला शिकवलं होतं तसं. सहीला पाऊण तास लागला असेल. मधे मधे थांबायची.

आठ दिवसांत पत्र परत आलं. सही नोंदवलेल्या सहीशी जुळत नाही.

तिनं ते वाचलं. “बरोबर आहे त्यांचं,” म्हणाली. “पुन्हा लिहा. अंगठा लावते.”

आमच्या घरात सगळ्यात जास्त शिकलेली बाई ती. तिचा अंगठा मीच धरून शाईवर टेकवला, कारण तो सरळ बसेना, कडेनंच टेकायचा. दोन कागद वाया गेले. तिसऱ्यावर उमटला. शेजारी साक्षीदार म्हणून मी माझी सही ठोकली, झोकदार.

या वेळी काही खोट निघाली नाही. नवीला मेमो मिळाला, खुर्चीवर बाहेरचा माणूस आला, आणि नवी अजून त्याच्या हाताखाली नवीच आहे. बातमी मीच आणली, लिफ्टमध्ये ऐकून. मेहुणी त्या दिवशी पोटभर जेवली. भरवलं आमच्या हिनं.